कमानीवरचा भित्रा

पनवेलच्या ज्या दैनिकात मी ऐन उमेदीची वर्षं घालवली, तिथे कार्यक्रमाची बातमी कार्यक्रमाच्या आधी लिहिली जायची. निमंत्रणपत्रिका समोर ठेवायची, नावं उतरवायची, शेवटी ‘कार्यक्रम उत्साहात पार पडला’ असं ठोकून द्यायचं आणि चहा मागवायचा. पान संध्याकाळी सहाला छपाईला सुटायचं, कार्यक्रम सातनंतर सुरू व्हायचे. मग दुसरं करणार काय, असं आमचे संपादक म्हणायचे. एकदा खारघरहून यायचे प्रमुख पाहुणे आलेच नाहीत. दुसऱ्या दिवशी आमच्या पेपरात त्यांनी मौलिक मार्गदर्शन केलेलं होतं, आणि त्याबद्दल त्यांचा आभाराचा फोनही आला. लाज नावाची चीज नाही! माझ्या डोक्यात तिडीक गेली. म्हटलं, खोटंच लिहायचं तर निदान नीट तरी लिहू. नोकरी सोडली आणि ऐतिहासिक कादंबरी लिहायला बसलो. पनवेलला विमानतळ येणार याच्या तेव्हा नुसत्या गप्पा होत्या.

माझा नायक पायाच्या नखापासून शेंडीपर्यंत मी रचलेला. खाडीकाठच्या एका किरकोळ किल्ल्याचा दरवाजा राखणारा साधा पहारेकरी. वेढा पडतो, धान्य संपतं, त्याची पोरं आत भुकेनं रडत असतात, आणि एका पहाटे हा गडी शत्रूला दरवाजा उघडून देतो. शूरवीरांवर लिहिणारे आपल्याकडे पैशाला पासरी आहेत. मला हा घाबरलेला बापच हवा होता. त्याला शूर केला की माझी सगळी मेहनत मातीत. बायकोनं हस्तलिखित एका बैठकीत वाचून काढलं. मग म्हणाली, “याला कोणी फितूर म्हणालं ना, तर मी भांडेन.” आजवर मला मिळालेली एवढी एकच समीक्षा, आणि मला ती पुरते.

प्रकाशक महाशयांनी पुस्तक न वाचताच मुखपृष्ठ केलं. घोडा, उपसलेली तलवार, पिळदार मिशा, मागे भगवा. माझा माणूस अख्ख्या कादंबरीत घोड्याच्या जवळसुद्धा जात नाही. “अहो, ऐतिहासिक आहे ना? मग घोडा लागतोच,” प्रकाशक म्हणाले. मी कपाळावर हात मारला.

त्या घोड्यानं पुढचा सगळा घोळ केला. नायकाला मी एक आडनाव दिलं होतं, तेच मुखपृष्ठावर ठळक छापलेलं, आणि गव्हाण गावाच्या पलीकडे एका गावात निम्मी घरं त्याच आडनावाची निघाली. एके दिवशी तिथले माजी सरपंच चार माणसं घेऊन घरी आले. “सर, तुमी आमचा पूर्वज शोधलात. त्या शिरढोणला क्रांतिकारक हाय, त्याचं केवढं नाव! आमच्याकडं कोण नव्हता.” आता गावाच्या तोंडावर त्याच्या नावाची सिमेंटची कमान उभी राहणार होती.

मी म्हटलं, “अहो, हा माणूस झालाच नाही. मी बनवलाय.”

“असं कसं? पुस्तकात हाय ना.”

“वाचलंत का?”

“कवर बघितलं.”

कप्पाळ! मी पुन्हा सांगायला गेलो तर त्यांना तो माझा विनय वाटला.

कमानीच्या उद्घाटनाला मला मंचावर बसवलं. शाल झाली, श्रीफळ झालं. समोरच्या फ्लेक्सवर माझा पहारेकरी घोडा दौडवत होता आणि खाली शुभेच्छुकांचे गॉगल लावलेले फोटो, त्याच्या चेहऱ्यापेक्षा मोठे. एका वक्त्यानं तर त्याला तीन लढाया जिंकून दिल्या. मी मनात म्हटलं, आज गप्प बसलास तर तुझा माणूस मेला. माझी पाळी आली तेव्हा भाषणबिषण केलं नाही. पुस्तक उघडलं आणि दरवाज्याचं ते पान सबंध वाचून दाखवलं. तो किती भ्यालेला असतो, पोरं भुकेनं कशी रडतात, अडसर काढताना तो पोरीचं नाव कसं पुटपुटतो, सगळं.

माजी सरपंचांचा चेहरा उतरला. तेवढ्यात बायकांच्या बाजूनं एक म्हातारी पदरानं डोळे पुसत मोठ्यानं बोलली, “काय करल बिचारा? पोरं उपाशी हाईत ना त्याची!” कोणीतरी तिला गप्प केलं. पण मी ऐकलं होतं. माझा माणूस एका माणसाला तरी कळला, या आनंदात मी घरी आलो आणि बायकोला ते वाक्य चारदा ऐकवलं.

सकाळी आमच्या जुन्या पेपरात बातमी होती. ‘कादंबरीकारांनी वीरपुरुषाच्या पराक्रमाचे प्रसंग जिवंत करताच उपस्थितांचे डोळे पाणावले. कार्यक्रम उत्साहात पार पडला.’

संपादकांना फोन लावला. आवाज चढलाच माझा. ते शांतपणे म्हणाले, “पान सहाला सुटतं. तुला काय नवीन सांगायचं?” खुलासा छापा म्हटलं, तर म्हणाले, “अरे, चांगलंच लिहिलंय की तुझ्याबद्दल.” निर्लज्जपणालासुद्धा काही सीमा असते, अशी माझी तोवर समजूत होती.

पुढे काही महिन्यांनी मी मुद्दाम त्या गावात गेलो. कमानीच्या खांबावर ते कात्रण काचेच्या चौकटीत बसवलं होतं. माजी सरपंच भेटले. झालं गेलं विसरून त्यांनी चहा पाजला. मी विचारलं, गावात कोणी पुस्तक वाचतं का. “पुस्तक कशाला? पेपरात छापून आलंय, तुमीच बोललात म्हणून,” त्यांनी कात्रणाकडे बोट दाखवलं. माझ्याच कादंबरीविरुद्ध मला साक्षीला उभं केलं होतं!

चडफडत निघालो, तर एका ओट्यावर ती म्हातारी वाळवलेल्या कोळंबीचे सोडे निवडत बसलेली दिसली. माझा जीव भांड्यात पडला. जवळ जाऊन बसलो, ओळख दिली. म्हटलं, “आजी, त्या दिवशी तुम्ही त्या पहारेकऱ्यासाठी रडलात. आठवतंय?”

तिनं मान हलवली. “आठवतंय रे. पन तो भ्यालाच नवता. लढला तो. नातवानं पेपर वाचून दाखवला ना मला.” मग जरा ओशाळं हसली आणि पुन्हा सोड्यांत हात घालत म्हणाली, “मी उगाच रडली.”