गाव न लिहिलेलं कुरण

अमेरिकेत लढाई जुंपली आणि आमच्या वऱ्हाडातलं गवत मेलं. असं सांगितलं की लोक हसतात. पण तिकडचा कापूस विलायतेला जाईना, तेव्हा तिथल्या गिरण्यांना आमची आठवण झाली, आणि अकोटच्या बाजारात भाव असा चढला की माणसं ज्वारी पेरायला लाजू लागली. धुरे-बांध नांगरले, कुरणं नांगरली, वखर जाईल तिथे कापसाची पऱ्हाटी लावली. ज्वारी नाही म्हणजे कडबाही नाही, हे साधं गणित एकाही शहाण्याला सुटलं नाही. माझ्या थोरल्या भावाने तर बैलांच्या शिंगांना चांदीच्या शेंब्या चढवल्या. त्या बैलांनी खायचं काय, हे तो पुढे बघणार होता.

मी तेव्हा अमरावतीच्या शाळेत मास्तर होतो. सुट्टीत अकोटजवळच्या आमच्या गावी यायचो आणि माळ हिंडायचो. टिटवीने अंडी कुठे घातली, कोणत्या नाल्याकाठी गवत कमरेला लागलं, असलं रोज लिहून ठेवायचो. ती रोजनिशी पुढे एका शिळाछापखान्याने छापली. घरी तिचं कौतुक एवढंच झालं, की दादा आल्यागेल्याला सांगायचा, "आमचा मास्तर कावळे मोजते."

त्या पुस्तकात एका कुरणाचं गाव मी मुद्दाम लिहिलं नव्हतं. श्रावणात तिथे तणमोर यायचे. नर कोंबड्याएवढा, काळाभोर, डोक्यामागे तुरे. मादीच्या नजरेत भरावं म्हणून दिवसभर गवतातून उंच उडी मारायचा आणि पुन्हा गवतात बुडायचा. बंदूकवाल्या साहेबांच्याही नजरेत भरला असता, म्हणून मी गाव गाळलं.

मग एका वर्षी पाऊस लांबला. आषाढ कोरडाच गेला. दादाच्या जोडीतला एक बैल उन्हाळ्यातच मेला होता. दुसरा गोठ्यात बसला की चौघांनी उठवल्याशिवाय उठत नव्हता. घरात पैसा होता, पण विकत घ्यायला पंचक्रोशीत कडबा नव्हता. सरकी होती तेवढी संपली होती, आणि नुसत्या सरकीवर बैल जगतो थोडाच! पोळा तोंडावर आला होता. हा बैल पोळ्यापर्यंत टिकेल, असं कुणालाच वाटत नव्हतं.

एका संध्याकाळी दादा माझं पुस्तक घेऊन समोर बसला. त्याला अक्षर वाचता येत नव्हतं.

"मास्तर, याच्यात गवत कुठं कुठं हाये, थे वाच."

मी वाचू लागलो. नाल्यापलीकडचं कुरण.

"पऱ्हाटी," दादा म्हणाला.

टेकडीखालचा उतार.

"पऱ्हाटी. पुढचं वाच."

देवीच्या देवळामागचं रान.

"थे मीच नांगरलं."

स्वतःचंच पुस्तक वाचताना मला सुतक आल्यासारखं होत होतं. वाचता वाचता तणमोराचं पान आलं आणि माझा आवाज खाली गेला. दादाने ते बरोबर हेरलं.

"याचं गाव नाई सांगितलं तू."

"लिहिलंच नाही."

"लिवलं नाई, पन ठाव तं हाये ना?" मी पुढचं पान उलटलं. तसा तो भडकला. "बैल मरून राह्यला, अन् तू पाखरू लपवून राह्यला?"

गोठ्यातून हंबरण्याचासुद्धा आवाज येत नव्हता. मी गाव सांगितलं.

सकाळी आम्ही विळे घेऊन पायीच निघालो. गाडीला जुंपायला बैल कुठे होता? कुरण आडवाटेला आणि सखल जागी होतं, म्हणून तेवढं हिरवं राहिलं होतं. आम्ही पोचलो तेव्हा नर उडत होता. दादा कमरेवर हात ठेवून बघत राहिला. "नाचते ना रे लेका!" म्हणत हसलाही. मग खाली वाकून कापू लागला. मीही वाकलो.

निम्मंअर्धं कापून झालं आणि दादाच्या पायाशी मादी भुर्रकन उडाली. जमिनीवरच्या खळग्यात तीन अंडी होती, हिरवट, तपकिरी डागांची. दादाने विळा मागे घेतला. "याच्याभोवतालचं राहू दे," तो म्हणाला. अंड्यांभोवती गवताचं चांगलं मोठं बेट ठेवून आम्ही बाकीचं सगळं कापलं आणि भारे डोक्यावर घेऊन घरी आलो. बैलाने त्या दिवशी तोंड हलवलं. मला फार बरं वाटलं.

दुसऱ्या दिवशी उरलेले भारे आणायला गेलो. सगळं कुरण बोडकं आणि मधोमध ते एकच बेट, कोसावरूनही दिसावं असं उभं. त्यात कावळे उतरले होते. अंड्यांची टरफलं तेवढी राहिली होती. नर कुठे दिसला नाही.

"आपुनच दाखवलं त्याईले," दादा म्हणाला.

पोळ्याला बैल उभा राहिला. शेंब्या चकाकत होत्या, गुडघे थरथरत होते. दादाने पुरणपोळी त्याच्या तोंडाशी धरली, पण बघत होता दुसरीकडेच.

पुढे लढाई संपली, भाव कोसळला, आणि लोक पुन्हा ज्वारी पेरू लागले. बैल गेला नि झोपा केला! मला अजून चीड येते. ते कुरण तोवर त्याच्या मालकाने नांगरून टाकलं होतं.

काही वर्षांनी पुस्तक पुन्हा छापायचं ठरलं. चुका दुरुस्त करत ओसरीवर बसलो होतो. दादा शेजारी येऊन बसला.

"त्या तनमोराचं पान आलं का?"

"आलं."

"मंग आता लिहून टाक गावाचं नाव," तो म्हणाला. "आता कोन जाते तिथं?"