सासरेबुवांचा एक हिसका

शिरूर आणि दौंड या दोन्ही तालुक्यांतल्या समस्त जावयांना अत्यंत जबाबदारीने कळवण्यात येते, की सासऱ्याच्या गवत कापायच्या मशीनला हात लावू नये. मी लावला, आणि आलेली मजा अजून जिभेवर आहे.

सासरे, म्हणजे मामा, यांचं दौंडजवळ लग्नाचं लॉन आहे. वय पंचाहत्तर. तिथलं मशीन दोरी ओढून चालू करायचं, आणि तो मान फक्त त्यांचा. एकदा मी ओढली तर मशीन नुसतं खोकलं. मामा भरल्या मांडवात म्हणाले, "ऱ्हाऊ द्या जावईबापू. कंपनीच्या एसीत हात मऊ पडल्यात. बाळंतिणीवानी."

पुढे त्यांचाच खांदा गेला. दोरी ओढली की मटकन खाली बसत. बटण लावू म्हटलं तर शिव्या देत. शेवटी सासूबाईंनीच मला गळ घातली, "त्यांना कळू न देता कायतरी करा." मी रांजणगावला फिटर. भंगारातल्या स्कूटरची स्टार्टर मोटर पत्र्याच्या झाकणाखाली बसवली, बॅटरी दडवली, रिमोट जोडला. मामांनी हिसका दिला की सासूबाई स्वयंपाकघराच्या खिडकीतून बटण दाबत. मामांना ऐकू कमी येतं, मोटरची घरघर कळायची नाही, अशी आमची खात्री. मी दौंडला आलो की रिमोट माझ्या खिशात.

यंदा गावच्या विकास सोसायटीच्या निवडणुकीआधी पॅनेलची माणसं लॉनवर चहाला आली. चेअरमनपदासाठी मामांचं नाव ठेवायचं की गाळायचं, एवढंच ठरायचं होतं. एकजण कप खाली ठेवत म्हणाला, "मामा, तुमी थकला आता. पोराला उभं करा."

मामा उठले. धोतर सावरलं. "थकलोय व्हय? बघा. एका हिसक्यात."

त्यांनी दोरी ओढली. खिशात माझा अंगठा बटणावरच होता. तो मी अलगद उचलला.

दुसरा हिसका. तिसरा. टोपी पडली. सासूबाई खिडकीतून हातवारे करत होत्या, मी ढग बघत होतो. पॅनेलवाल्यांनी माना खाली घातल्या. कुणी हसेना, आणि मला तर आतून गुदगुल्या. पाचव्या हिसक्याला मामा हँडलवर ओणवे झाले, छातीचा भाता झालेला. तशीच मान वळवून सगळ्यांदेखत म्हणाले,

"दाबा की वो जावईबापू त्ये बटान. लग्नात पाय धुतल्यात तुमचं, आजून काय करू?"