पुरणातलं मीठ

पुणेरी माणूस इंग्लंडातल्या कॉव्हेंट्रीत येऊन राहिला म्हणून त्याची चुका काढायची खोड काही जात नाही. माझी तर नाहीच गेली.

आमच्या शेजारी त्रिनिदादच्या एक आजी राहतात. लेखिका आहेत. माणसं, भाषा, स्वयंपाक एकमेकांत मिसळले की काही बिघडत नाही, उलट नवं काही जन्माला येतं, असं त्या आयुष्यभर लिहीत आल्या. मला ते फार पटायचं. वाचण्यापुरतं.

होळीला मी त्यांच्याकडे पुरणपोळ्या पाठवल्या. दोन दिवसांनी त्या ताट घेऊन आल्या; रिकामं ताट परत करायचं नाही, ही रीत त्यांच्याकडेही आहे. ताटात डाळ भरलेल्या मऊसूत पोळ्या होत्या. मी दारातच एक घास घेतला. मीठ, जिरं, लसूण!

"चुकलंय हो हे," मी त्यांना सांगून टाकलं. "यात गूळ हवा."

त्या हसल्या नाहीत. "माझ्या आजीनं असंच शिकवलं," एवढंच बोलून गेल्या.

माझी आठ वर्षांची लेक मागेच उभी होती; तिचा बाबा इंग्रज. रात्री जेवताना म्हणाली, "आई, शेजारच्या ग्रॅनीचं मिक्स आहे म्हणून ते रॉंग आहे? मी पण मिक्स आहे ना. मग मी पण रॉंग?"

इतकी लाज मला आजवर कधी वाटली नव्हती.

दुसऱ्या दिवशी लेकीला घेऊन आजींचं दार वाजवलं. आमच्यात कुणाकडे रिकाम्या हातानं जात नाहीत. मी मुद्दाम तशीच गेले, मागायला.

"मी चुकले," म्हटलं. "तुमची पोळी मला शिकवाल?"

त्यांनी पीठ काढलं. मळता मळता म्हणाल्या, "आमची माणसं हिंदुस्थानातून बोटीनं त्रिनिदादला गेली ती ऊस तोडायला. आजी म्हणायची, दिवसभर साखरेसाठी राबलेला माणूस संध्याकाळी गोड कशाला मागेल?"

मी लेकीला जवळ ओढून तिच्या कानात सांगितलं, "तू रॉंग नाहीस गं. कधीच नव्हतीस."

माझी पहिली पोळी तव्यावर फाटली, डाळ बाहेर आली.

"ही बिघडली," मी म्हणाले.

"दे इकडे," म्हणून लेकीनं ती गरमगरम खाऊन टाकली.