ढोकी विरुद्ध दिल्ली

कोर्टात निकाल क्वचित मिळतो, तारीख मात्र हमखास. आणि तारखेला गेलं की एक किस्सा पदरात पडतोच! धाराशिवच्या कोर्टात माझी बाकीची कामं बांधांची आणि वाटण्यांची. त्यात हसण्यासारखं काही नसतं. पण आमची जिल्हा रस्सीखेच संघटना आणि दिल्लीचा राष्ट्रीय महासंघ यांच्यातली केस माझ्याकडे आली, आणि वकिलांच्या बाररूममध्ये चहा आला की कुणीतरी विचारायचंच, "बाई, नानांचं काय नवीन?"

नाना म्हणजे भुजंगनाना. ढोकीचे ऊसवाले, तरुणपणी पैलवान, आता संघटनेचे अध्यक्ष.

भांडण सुरू झालं ते दाराच्या कडीवरून. नॅशनल स्पर्धेला आमच्या संघाच्या मुलींना एका शाळेत उतरवलं होतं. खोलीला कडीच नाही! मुली पाळीपाळीनं दाराला पाठ लावून बसल्या आणि सकाळी तशाच मैदानात उतरल्या. नाना महासंघाच्या सभेत उठले आणि आपल्या हिंदीत म्हणाले, "साब, तुमारे होटल के कमरे को कडी है क्या?"

सभा हसली. महासंघाचे अध्यक्ष हसले नाहीत.

पुढं नोटीस आली. संघटनेची मान्यता रद्द, कारण 'इनडिसिप्लिन'. नाना ती घेऊन माझ्याकडे आले.

"इनडिसिप्लिन म्हंजे काय, बाई?"

"बेशिस्त, नाना."

"मग बराबर हाय की! शिस्तीत इचारलं आसतं तर त्यांनी ऐकलं आसतं व्हय?"

*

महासंघानं लगेच जिल्ह्यात दुसरी संघटना उभी केली. तिचे अध्यक्ष मुरुमचे कल्लप्पाशेठ. त्यांचं मंगल कार्यालय होतं, आणि संघटनेचा पत्ताही तोच! आम्ही दावा लावला. समन्स घेऊन कोर्टाचा बेलिफ तिकडं गेला तो ऐन लग्नाच्या दिवशी. संध्याकाळी परतला तेव्हा डोक्यावर टोपी, खांद्यावर कोरा टॉवेल.

मी विचारलं, "बजावणी झाली का?"

"झाली की. पण शेठ म्हणले, आधी पंगतीला बसा, मग सही करतो. उठताना आहेर बी केला!"

"अहो, पण समन्स बघून काय म्हणाले?"

"म्हणले, पुढची तारीख तेवढी लग्नाची तीथ सोडून घ्या."

*

कल्लप्पाशेठ साक्षीला उभे राहिले. माणूस गोड. कोर्टालाही घरच्या कार्याला आल्यासारखा नमस्कार करायचे. मी पहिलाच प्रश्न विचारला, "रस्सीखेचीत एका बाजूला किती खेळाडू असतात?"

शेठनी आपल्या वकिलाकडं पाहिलं. वकील छताकडं पाहत होते.

"तसं काय न्हाय," शेठ म्हणाले, "येतील तेवढ्यांना घेतो आपण. कुणाला माघारी लावत न्हाय!"

जजसाहेबांनी चष्मा काढून बराच वेळ पुसला.

*

दिल्लीचे वकील व्हिडिओवरून हजर व्हायचे. एकदा त्यांनी जोरात मुद्दा मांडला, की दावा लावायला आमच्या संघटनेला 'लोकस'च नाही. म्हणजे तसा अधिकारच नाही. नानांना इंग्रजीतला तेवढा एकच शब्द ओळखीचा वाटला. ते ताडकन उभे राहिले.

"लोक न्हाईत? साहेब, लोक लई हाईत! खाली बघा की!"

खाली आवारात ढोकीहून ट्रॅक्टरच्या ट्रॉलीतून आलेली माणसं बसली होती. त्यांना वाटलं पुकारा झाला. सगळे उठून जिन्यानं वर यायला लागले! दिल्लीच्या वकिलांना स्क्रीनवर नुसती डोकीच डोकी दिसायला लागली. त्यांनी तारीख मागितली.

*

मग महासंघानं समझोत्यासाठी एक निरीक्षक पाठवले. ते तुळजापूरला दर्शन घेऊन आले आणि माझ्या ऑफिसात बसून नानांना म्हणाले की केस मागे घ्या, तुम्हाला महासंघाचं उपाध्यक्ष करतो. सोबत महासंघाचा ब्लेझरही आणला होता. नानांनी तो अंगात घातला. माझ्या कपाटाच्या काचेत स्वतःला पुढून पाहिलं, मागून पाहिलं. माझा जीव टांगणीला! महिनोन् महिने केस लढवायची आणि शेवटी ब्लेझरवर जायची?

नानांनी विचारलं, "और पोरींका?"

"वो देख लेंगे," निरीक्षक म्हणाले.

नानांनी ब्लेझर काढला, नीट घडी घातली आणि त्यांच्या मांडीवर ठेवला. "साब, हमकू काखेत काचता है."

*

मुली शेवटी नॅशनलला गेल्या, आणि आमच्याच संघटनेकडून गेल्या. मूळ दावा अजून चालू आहे, पण तेवढा हुकूम आम्ही मिळवला. त्याच्या आधी काय झालं, ते ऐका.

दोन्ही संघटना म्हणत होत्या, खेळाडू आमच्याच. म्हणून खरं काय ते बघायला कोर्टानं कमिशनर नेमला. आमच्या बारमधलेच एक वयस्कर वकील, महाखट्याळ. ढोकीच्या मैदानावर ते आले. आम्ही आलो, कल्लप्पाशेठ वकिलासह आले, दिल्लीचे निरीक्षक आले. आणि संघ मात्र एकच! मुली त्याच, दोघांनीही दाखवलेल्या.

कमिशनरनी विचारलं, "मुलींनो, तुम्ही नक्की कुणाच्या?"

पुढं आली राणी. बेंबळीची, संघाची कॅप्टन. दोराच्या शेवटी अंगाला वेढा घेऊन उभी राहते ती हीच.

"सर, आमाला इचारू नका. वढायला लावा."

"अगं, पण समोर कुणीतरी पाहिजे ना?"

राणीनं आम्हा सगळ्यांवरून एकदा नजर फिरवली. "हे समदे हाईत की!"

मला वाटलं कमिशनर रागावतील. त्यांनी खिशातून शिट्टी काढली!

सांगते काय, एका बाजूला राणी आणि तिच्या मुली, दुसऱ्या बाजूला नाना, कल्लप्पाशेठ, दोघांचे वकील आणि दिल्लीचा महासंघ, सगळे एकाच दोराला. काळा कोट घालून मी मधोमध. शिट्टी वाजली. मुली मागं रेलल्या आणि क्षणभर काहीच झालं नाही. मग माझी चप्पल जागेवर राहिली आणि मी पुढं निघाले. कल्लप्पाशेठ बसले. निरीक्षक त्यांच्यावर बसले. एकटे नाना जुन्या पैलवानासारखे टाचा रोवून, लालबुंद होऊन, मातीतून घसरत चालले होते. घसरता घसरता माझ्याकडं वळून ओरडले,

"वकीलबाई, स्टे घ्या! लवकर स्टे घ्या!"