चेलोला मिळालेला वन्समोअर

जाहीर निवेदन, शक्यतो उभे राहून वाचावे: नव्वदच्या दशकाच्या अखेरीस, दुबईतल्या एका हॉटेलात, पाश्चात्त्य शास्त्रीय संगीताची अब्रू एका संध्याकाळपुरती माझ्या हाती होती. मी तिथे बँक्वेट विभागात होतो. म्हणजे खुर्च्या मांडायचो.

आयर्लंडहून चौघे आले होते. दोन व्हायोलिन, एक व्हियोला आणि एक चेलो. चेलो म्हणजे व्हायोलिनचा थोरला भाऊ, गुडघ्यांमध्ये उभा धरून वाजवायचा. तो वाजवणाऱ्या बाई उंच, पांढऱ्या केसांच्या, अबोल. एअरपोर्टवरून आणताना त्यांचा म्होरक्या माझ्या शेजारी बसला आणि हळूच सांगू लागला. रिकाम्या खुर्च्यांपुढे वाजवून बाई कंटाळल्या होत्या. दुबईनंतर चौघांची साथ सोडणार होत्या. "ती गेली की आम्ही संपलो," तो म्हणाला. "या वयात नव्या माणसाशी सूर कुठे जुळवू?"

तिकिटं मोजकीच गेली होती. मॅनेजर म्हणाला, "हबीबी, हॉल भर. यल्ला, चल लवकर." मी फुकट पासांचा गठ्ठा घेऊन अल कुसैसला आमच्या बिल्डिंगमध्ये गेलो आणि झाडून सगळी मराठी मंडळी गोळा केली. शिवाय रत्नागिरीचे चाचा, ज्यांचं रास अल खोरला स्पेअर पार्ट्सचं दुकान होतं. बसमध्ये मी भाषण ठोकलं.

"मध्ये टाळी वाजवायची नाही. ते थांबले तरी नाही. वाहवा नाही. खोकला आला तर गिळायचा."

"मग दाद कधी द्यायची?" चाचांनी विचारलं.

"सगळं संपल्यावर."

"तोवर कुठली जागा आवडली ती ध्यानात राहील काय, पोरा?"

चाचा गावच्या संगीत नाटकांना पहिल्या रांगेत बसून मोठे झालेले. मी त्यांना दुबईतही पहिल्या रांगेत बसवलं, ही माझी हुशारी.

पहिला भाग शांततेत पार पडला. दुसरा संथ होता. त्यात चेलो एकटाच खाली खाली उतरत गेला आणि एका स्वरावर असा थबकला की माझ्या अंगावर काटा आला. भाग संपला. हॉल चिडीचूप. आणि पहिल्या रांगेतून खणखणीत आवाज: "वन्समोअर."

हा शब्द आम्ही नाटकवेड्यांनी इतका आपलासा केलाय की तो मुळात इंग्रजी आहे हेच विसरलोय. समोरच्या चौघांना मात्र तो अगदी नीट कळला. सूटवाल्यांच्या माना वळल्या. नोकरी खलास, असं म्हणत मी खांबाआड झालो.

म्होरक्याने अदबीने विचारलं, "फ्रॉम द बिगिनिंग, सर?"

चाचा उभे राहिले. "नो, नो. ओन्ली मॅडम. दॅट जागा." आणि त्यांनी हवेत हात खाली खाली नेला, तस्साच थबकवला.

बाईंनी त्या हाताकडे बराच वेळ पाहिलं. मग गज उचलला आणि ती जागा पुन्हा घेतली, आधीपेक्षा सावकाश. या खेपेला आमच्या अख्ख्या बिल्डिंगने मला दिलेला शब्द मोडला. वाहवा सूटवाल्यांपर्यंत पसरली. माझी बायकोसुद्धा सामील होती, जी बसमध्ये माझ्या बाजूने होती.

त्या चौघांचे उपकार मी अजून विसरलेलो नाही. त्यांनी भुवया उंचावल्या असत्या, तर आम्ही जन्मभर अडाणी ठरलो असतो. त्यांनी आम्हाला रसिक ठरवलं, आणि माझी नोकरीही वाचली.

कार्यक्रमानंतर चौघांना आमच्या घरी जेवायला आणलं. बाईंच्या तोंडात साबुदाणा वडा होता. म्होरक्याने धीर करून विषय काढला, "उद्या आपलं विमान. मग, तू ठरवलंयस ते..." नेमकी तेव्हाच बायको वड्यांचं ताट घेऊन पुढे झाली, आणि पुढच्या हिवाळ्यात चौघेच्या चौघे पुन्हा दारात उभे राहीपर्यंत तिची खात्री होती, की बाईंचं उत्तर तिलाच होतं. भरल्या तोंडाने बाई म्हणाल्या, "वन्समोअर."