धर्मशाळेतला वाटसरू

आमच्या पंचक्रोशीत माझ्याइतका पक्का साक्षीदार दुसरा झाला न्हाई. मुन्सफानं मला साक्षीला उभंच केलं न्हाई, ती गोष्ट वेगळी.

झालं असं. निजामाचं राज्य होतं. जाफराबादेकडून जालन्याला कापसाच्या गाड्या जायच्या, त्या वाटेवर आमच्या गावाबाहेर एक धर्मशाळा होती. एका व्यापाऱ्याच्या विधवेनं बांधलेली, गाडीवानांनी फुकट उतरावं म्हणून. ती बाई मेली, मागं कोणी न्हाई. मंग तहसिलीनं म्हटलं, हिला वाली न्हाई, ही आमची. अन् घोड्यांसाठीचा कडबा आणून भरला छतापर्यंत. फक्त कोपऱ्यातली एक खोली उरली. तिथं एक मावशी राहायची, येणाऱ्याजाणाऱ्याला पाणी द्यायची. ती विधवाच तिला तिथं बसवून गेल्ती. तिलाही हुकूम आला, खोली खाली कर. मावशीला मागंपुढं कोणी न्हाई. जाणार कुठं?

गावानं दावा लावला. तहसिलीतला पेशकार, म्हंजे कारकून, कोर्टात म्हणला, "तिथं आता कोणी उतरतच न्हाई, मंग कसली धर्मशाळा?" मुन्सफ म्हणले, मी स्वतः येऊन पाहतो.

दिवस धरला तो भर उन्हाळ्यातला. कापूस संपलेला, वाटेवर काळं कुत्रं न्हाई. आम्ही चार शहाणे पारावर बसलो. वाटसरू आणायचा कुठून?

मी म्हणलो, "मी हाय ना."

पाटील म्हणले, "तुला गावातली कोंबडीबी ओळखती."

"मुन्सफ कोंबडीला इचारणार हाय का?"

ठरलं. मी आष्टीचा वाटसरू. आष्टी मी जन्मात पाह्यली नव्हती. पाटलांनी बजावलं, तोंड उघडायचं न्हाई, फक्त झोपायचं. म्हणलं, हे काम मला बराबर जमतं.

दुपारी मी ओसरीवर घोंगडी टाकली, उशाला गठुडं घेतलं. मावशी आतून म्हणली, "तुला घर न्हाई का रे?"

"मी वाटसरू हाय."

"बायकोनं हाकललं का?"

मी तोंडावर फेटा ओढला. नाटक करता करता खरंच डोळा लागला. घोरायलाबी लागलो, असं पाटील मागून म्हणले.

जाग आली ती बुटांच्या आवाजानं. डोळे उघडले तं समोर काळा कोट, संग पेशकार, मागं पाटील अन् अर्धं गाव. आता आमच्या घरात लहानपणापासून अंगात मुरलेलं, उंबऱ्यात कोणी आलं की पहिलं बसा, मंग पाणी, मंग गाव. मी तडक उठलो.

"या या, रामराम! बसा सायब. लई ऊन हाय. मावशी, पाव्हण्याला पाणी द्या! गाव कोणतं म्हणायचं आपलं?"

मुन्सफ म्हणले, "हैदराबाद."

"अगाई, लांबून आले. आता जेवूनच जा. आमचं घर हे काय, मारुतीच्या मागं."

पाटलांनी कपाळावर हात मारला. तो आवाज मला ऐकू आला.

पेशकार पुढं झाला. "तू कोण?"

"मी वाटसरू."

"कुठला?"

"आष्टीचा."

"अन् घर मारुतीच्या मागं?"

मी म्हणलो, "आष्टीतबी मारुती असंल की."

पेशकार मुन्सफाकडं वळला. "पाह्यलं सरकार? बनावट वाटसरू! खरा कोणी येत असता तं ह्याला कशाला निजवला असता?"

एका झोपेत मी मावशीची खोली घालवली होती.

तेवढ्यात मावशी तांब्या घेऊन बाहेर आली. मुन्सफाला पाणी दिलं. मुन्सफांनी पिऊन इचारलं, "बाई, इथं कोणी उतरतं का?"

"उतरतं की. चार दिसाखाली हसनाबादचा गाडीवान आल्ता. दोन राती राह्यला. बैलाच्या खुरात काटा मोडला त्याच्या. मंग वस्तीवरून दुसरा बैल मागून गाडी नेली अन् हा इथं ठेवला. बरा झाला की नेईल."

"कुठाय?"

मावशी सगळ्यांना मागच्या परसात घेऊन गेली. एक पांढरा बैल, पायाला हळदीची पट्टी, निवांत रवंथ करून राह्यला. पुढ्यात कडब्याच्या चार पेंढ्या.

पेशकार ओरडला, "हा तं सरकारी कडबा!"

मावशी म्हणली, "धर्मशाळेत ठेवला, मला वाटलं वाटसराच्या बैलासाठीच ठेवला."

मुन्सफ हसले ते हसलेच. पेशकार सोडून समदे हसले.

महिन्याभरात हुकूम आला. तहसिलीनं कडबा उचलावा, धर्मशाळा वाटसरांची, मावशीची खोली मावशीला. आम्ही चार शहाणे पारावर बसून वाटसरू शोधत होतो, पण मावशीला जाऊन इचारावं, हे एकालाबी सुचलं न्हाई.

मी पेढे घेऊन मावशीकडं गेलो. म्हणलो, "मावशी, आपुन दोघांनी मिळून जिंकलं."

तिनं पेढा घेतला, अर्धा तोंडात टाकला अन् म्हणली, "दोघांनीच. मी अन् बैलानं. अन् त्याला तुझ्यापरीस अक्कल जास्ती, सायब आले तं तोंड मिटून उभा राह्यला."