बैलाच्या नावावरची जखम

दिपालीचं काम तिच्या सासूला कधीच नीट उमगलं नाही. संगमनेरच्या घरात मागच्या खोलीत कॉम्प्युटरसमोर बसून सून परमुलुखातल्या माणसांच्या दुखण्यांना नंबर देते, एवढंच भीमाबाई शेजारणींना सांगायची. ते खोटंही नव्हतं. पुण्याच्या एका कंपनीमार्फत अमेरिकेतल्या दवाखान्यांचे केसपेपर दिपालीकडे यायचे. डॉक्टरनं लिहिलेलं वाचायचं आणि प्रत्येक दुखण्याला ठरलेला कोड लावायचा, म्हणजे तिकडच्या विमा कंपनीला उपचार कशाचे झाले ते कळतं. तिच्या वाट्याला जास्त करून छातीच्या जुन्या जखमा यायच्या. कुणाला गोळी लागलेली, कुणाला भोसकलेलं, कुणी गाडीच्या स्टिअरिंगवर आपटलेलं. जखम भरून गेलेली, पण जाताना मागे धाप ठेवून गेलेली, नाहीतर फुप्फुस आत चिकटवून गेलेली. अशा वेळी आधी आजचं दुखणं लिहायचं, मग ज्या जखमेनं ते मागे ठेवलं ती जखम, आणि जखमेच्या कोडच्या शेवटी एस हे अक्षर, जखम जुनी असल्याची खूण. डॉक्टरनं जे लिहिलं नाही ते आपल्या मनानं जोडायचं नाही.

हा शेवटचा नियम दिपालीला जड जायचा, कारण ती मुळातच संशयी. खर्ड्याला माहेरी असताना बाजारातून आलेली भाजी ती घरी पुन्हा तोलायची. लग्न ठरलं तेव्हा नवरामुलगा खरंच दूध संघात नोकरीला आहे का, हे तिनं भावाला पाठवून बघून घेतलं होतं. नवरा, कल्याण, ते अजून विसरला नव्हता.

सासरे सूर्यभान, ज्यांना ती मामा म्हणायची, पूर्वी जामखेडकडून ऊसतोडीला जायचे. गेल्या हिवाळ्यात त्यांना खोकला लागला तो हटेना. जिना चढताना धाप लागायची, डावी कूस दुखायची. घरात कुणाला नवल वाटलं नाही. ऊसतोडीच्या एका हंगामात बैलानं त्यांच्या छातीत शिंग खुपसलं होतं, ही गोष्ट सगळ्यांना तोंडपाठ होती. मामा नात संस्कृतीला मांडीवर घेऊन ती रंगवून सांगायचे. दिपाली मात्र ऐकता ऐकता मनात टिपून ठेवायची. कधी बैल पांढरा असायचा, कधी कोसा. कधी गाडी जुंपताना मारलेलं असायचं, कधी पाणी पाजताना.

एकदा भीमाबाईचा हात भाजला होता म्हणून मामांची कूस मिठाच्या पुरचुंडीनं शेकायचं काम दिपालीकडे आलं. मामांनी बंडी वर केली आणि तिला तो वण दिसला. काखेच्या खाली, दोन बरगड्यांच्या मधोमध, बोटाच्या पेराएवढा. कडा सरळ, नेटक्या. शिंगानं कातडं फाटतं, ओढलं जातं, वेडंवाकडं भरतं. हे शिंगाचं काम नव्हे, तिच्या मनानं घेतलं. हे चाकूचं.

त्या दिवसापासून ती घराकडे वेगळ्या नजरेनं बघू लागली. बैल कुणाचा होता, असं तिनं भाकरी थापताना सहज विचारलं, तर भीमाबाईनं परात जोरात सरकवली. "अजिनाथचा हुता. आता त्याचं काय?" अजिनाथ म्हणजे मामांचा धाकटा भाऊ. तो या घरी लग्नकार्याशिवाय पाऊल टाकत नव्हता, आणि का, ते कुणी बोलत नव्हतं. दिपालीच्या डोक्यात हिशेब जुळला. भावानं भावाला भोसकलं आणि आळ मुक्या जनावरावर घातला. तिनं कल्याणला हे सांगितलं तेव्हा तो जेवता जेवता उठला. "तुला आता घरातली माणसंबी गुन्हेगार दिसाय लागली," एवढं म्हणाला आणि बरेच दिवस तुटक वागला.

दुखणं वाढल्याचं कळल्यावर अजिनाथ स्वतःहून आला. दिपालीनं दोघा भावांना एकटं सोडलं नाही. मटाराच्या शेंगा सोलायच्या निमित्तानं ती दारातच बसून राहिली. अजिनाथ आत आला, भावाची पाठ चोळू लागला, चोळता चोळता त्याचे डोळे भरले. ज्यानं सुरा चालवला त्याचा हात असा फिरेल का? पण पश्चात्तापानंही हात असाच फिरतो, असं तिनं स्वतःला बजावलं आणि नजर हटवली नाही.

दुसऱ्या दिवशी भीमाबाई, अजिनाथ आणि दिपाली मामांना डॉक्टरकडे घेऊन गेले. डॉक्टर भले होते. त्यांनी एक्स-रे प्रकाशात धरून डावं फुप्फुस आक्रसल्याचं दाखवलं आणि जुनं काही झालं होतं का, असं विचारलं. बैलाची गोष्ट निघाली. त्यांनी ती लिहून घेतली: छातीच्या जुन्या जखमेचे परिणाम. मग लिहिता लिहिता विचारलं, "कधी टीबी झाला होता का?"

मामांनी तोंड उघडलं, पण उत्तर भीमाबाईनं दिलं. "न्हाई न्हाई. तसलं काय न्हाई आमच्यात."

फार लवकर आलं ते उत्तर. मामांनी उघडलेलं तोंड मिटलं आणि अजिनाथ भिंतीवरच्या कॅलेंडरकडे बघू लागला. दिपालीच्या मनातला चाकू तिथंच गळून पडला. काखेखालचा तो नेटका वण कशाचा, हे तिला आत्ता सुचलं. छातीत साचलेला पू काढायला नळी घालतात ती तिथंच.

घरी आल्यावर तिनं सासूला मागच्या खोलीत नेलं आणि दार लावलं.

"आत्या, मामांना टीबी होता ना?"

भीमाबाईनं पदराचा काठ बोटाला गुंडाळला. मग बोलली ती खाली बघूनच. तोडीवर असताना ताप आणि खोकला लागला, छातीत पू झाला. अजिनाथनं त्यांना गाडीत घालून सरकारी दवाखान्यात नेलं, तिथं नळी घातली. टोळीला कळलं असतं तर मुकादमानं दोघांना हाकललं असतं. त्यात लेकीचं, सवितेचं लग्न ठरायचं होतं. म्हणून भीमाबाईनंच बैलाची गोष्ट रचली. पण माणूस मारणारा बैल कोण ठेवणार? मारका म्हणून अजिनाथच्या बैलाचं नाव झालं. खोंड होता तेव्हापासून त्यानं हातावर वाढवलेलं गरीब जनावर, ते त्याला विकावं लागलं. तेव्हापासून तो या घरचं पाणी पीत नव्हता.

"आणि गोळ्या?" दिपालीनं विचारलं.

"बरं वाटल्यावर सोडल्या. कुनी बघंल म्हनून."

दिपालीला बैलाचं वाईट वाटलं, भीतीही समजली, पण त्यापेक्षा संताप मोठा होता. संस्कृती रोज आजोबांच्या कुशीत झोपायची. ही बाई ते डोळ्यांनी बघत होती आणि गप्प होती. "माझ्या पोरीचा तरी विचार करायचा होता," एवढंच ती म्हणाली, आणि तेही हळू, कारण बाहेर मामा होते.

ती परत दवाखान्यात गेली, या वेळी कल्याणला घेऊन. डॉक्टर रागावले नाहीत. जुनं लिहिलेलं खोडून त्यांनी थुंकीची तपासणी सांगितली. रोग पुन्हा जागा झाला होता. सरकारी औषधं सुरू झाली. संस्कृतीची तपासणी चांगली आली, तरी तिलाही खबरदारीच्या गोळ्या दिल्या, त्या तिनं कडू तोंड करत घेतल्या. उन्हाळ्यापर्यंत मामांचा खोकला थांबला आणि अंगावर मांस आलं. डावी कूस मात्र खोलगट राहिली आणि जिन्यावरची धाप गेली नाही. ती जायची नाही, हे दिपालीला माहीत होतं.

भीमाबाईचं मन मात्र निवळलं नाही. आता संशय तिच्या डोळ्यांत होता. सून फोनवर बोलू लागली की ती कामाशिवाय तिथून ये-जा करायची.

एका दुपारी सवितेचा फोन आला. कुणीतरी तिच्या कानावर घातलं होतं. दादांना नक्की काय झालंय वहिनी, म्हणून ती वडिलांबद्दल विचारत होती, आणि मागे तिच्या सासरच्यांचे आवाज ऐकू येत होते. भीमाबाई स्वयंपाकघराच्या दारात येऊन थांबली होती. दिपालीनं तिच्याकडे पाहिलं, मग ओट्यावर बसलेल्या मामांकडे गेली आणि फोन त्यांच्या हातात दिला.

मामांनी तो कानाला लावला.

"टीबी हाय पोरी," ते म्हणाले. "तवाबी त्योच हुता."